वासवदत्तेनं गुंफलेली माळ

शेफालिका

नमस्कार मंडळी,

उदयन आणि वासवदत्ता आपल्यातल्या बऱ्याच जणांना संस्कृतच्या तासाला भेटलेले असतात, परीक्षेपुरते. मलाही तसेच भेटले होते. यंदा लेकीला बीएला भासाचं 'स्वप्नवासवदत्तम्' हे नाटक आहे, म्हणून रोज रात्री जेवणं उरकली की आम्ही दोघी एकेक अंक मोठ्यानं वाचत होतो. तिसऱ्या अंकाशी मी थांबले. पुढे वाचवेना. त्याच अंकाबद्दल लिहायचं आहे, पण त्याआधी गोष्ट थोडक्यात सांगते.

वत्स देशाचा राजा उदयन, राजधानी कौशांबी. वीणेच्या सुरांनी रानहत्ती वश करणारा. अवंतीच्या प्रद्योत महासेनानं खोटा हत्ती उभा करून त्याला पकडलं, उज्जयिनीला नेलं आणि आपल्या मुलीला, वासवदत्तेला, वीणा शिकवायला बसवलं. शिकवणी संपायच्या आत दोघं हत्तिणीवर बसून पळाले. ही झाली सगळ्यांच्या तोंडी असलेली गोष्ट. 'मेघदूता'त कालिदास मेघाला सांगतो की अवंतीत तुला उदयनाच्या कथा सांगणारे म्हातारे भेटतील, 'उदयनकथाकोविदग्रामवृद्धान्'. पारावर बसून हेच पळून जाणं रंगवून सांगत असणार ते.

भासाचं नाटक त्याच्या पुढचं आहे. आरुणी नावाच्या शत्रूनं वत्सांचा मुलूख बळकावलाय. तो परत मिळवायला मगधाची फौज हवी, आणि मगधाशी सोयरीक व्हायची तर राजा दर्शकाची बहीण पद्मावती उदयनाला द्यायला हवी. उदयन वासवदत्तेत इतका गुंतलेला की तो ऐकणार नाही. म्हणून अमात्य यौगंधरायण लावाणक गावाला लागलेल्या आगीत राणी जळून गेली अशी हूल उठवतो. तिला 'अवंतिका' नावानं, परदेशी गेलेल्या नवऱ्याची बायको म्हणून ठेव ठेवतो. कुणाकडे? पद्मावतीकडेच!

आणि मग तिसरा अंक. पद्मावतीचं उदयनाशी लग्न ठरलंय, आजच आहे. वाड्यात धावपळ चाललीय. वासवदत्ता बागेत एकटी बसलीय. दासी फुलं घेऊन येते आणि म्हणते, राणीसाहेबांनी सांगितलंय, आपण मोठ्या घरच्या आहात, मायाळू आहात, हाताला कसब आहे, लग्नाची माळ आपणच गुंफा.

नवऱ्याच्या दुसऱ्या लग्नाची माळ तिच्या हातात. ती मनात म्हणते, हेही मलाच करावं लागणार होतं, देव किती निर्दय असतात. आणि गुंफायला घेते.

टोपलीत फुलांबरोबर औषधी पाल्याच्या दोन डहाळ्या असतात. ती पहिली उचलून विचारते, ही कसली? दासी सांगते, 'अविधवाकरण', सवाष्णपण राखणारी. वासवदत्ता मनाशी म्हणते, ही भरपूर गुंफायला हवी, माझ्यासाठी आणि पद्मावतीसाठी. मग दुसरी उचलते, आणि ही? 'सपत्नीमर्दन', सवतीचा काटा काढणारी. ही नको गुंफायला. का बरं? त्यांची बायको वारलीय ना, मग हिचा उपयोग काय?

एवढाच प्रसंग. दोन पानंसुद्धा नाहीत. लेक म्हणाली, आई, ती स्वतःला मारणारी डहाळी बाजूला ठेवते आणि कारण देते की मी मेलेय. मला बोलायला सुचेना.

चौथ्या अंकात ती माधवीच्या मांडवाआड लपून ऐकते. विदूषक उदयनाला विचारतो, तुला आवडती कोण, तेव्हाची वासवदत्ता की आत्ताची पद्मावती? पुष्कळ आढेवेढे घेऊन तो सांगतो:

पद्मावती बहुमता मम यद्यपि रूपशीलमाधुर्यैः ।
वासवदत्ताबद्धं न तु तावन्मे मनो हरति ॥

पद्मावतीच्या रूपागुणांची मला कदर आहे, पण वासवदत्तेत अडकलेलं मन ती अजून काढून घेऊ शकत नाही. आडोशाला उभी असलेली वासवदत्ता म्हणते, एवढ्या कष्टांचा मोबदला मिळाला. मूळ शब्द 'वेतन' असा आहे. मजुरी! आमच्या वेळच्या गाइडांत या ओळीवर 'पतिप्रेमाची धन्यता' असं काहीतरी छापलेलं असायचं आणि आम्ही ते तसंच उतरवायचो. आता वाचते तेव्हा मला त्या शब्दात थकवा ऐकू येतो.

शेवटी सगळं उलगडतं, राज्य मिळतं, वासवदत्ता ओळखू येते. त्या अंकात कोण कुणाची क्षमा मागतं ते बघा. यौगंधरायण राजाच्या पाया पडतो. राणीला लपवलं ती राजाच्या हितासाठी, तरी राजा काय म्हणेल याची धाकधूक आहे, असं तो आधी मनाशी बोलतो. राजा काय म्हणेल! वासवदत्तेपुढे डोकं ठेवते ती एकटी पद्मावती: नकळत तुम्हाला मैत्रिणीसारखं वागवलं, मर्यादा ओलांडली, क्षमा करा. वय, मान, सत्ता यांत त्या मंडपात सर्वांत धाकटी असलेली मुलगी.

तर मला विचारायचं आहे की ही गोष्ट पिढ्यान्‌पिढ्या उदयनाची म्हणून का सांगितली गेली? तुम्ही कुठली उदयनकथा ऐकली-वाचली आहे, आणि तिच्यात वासवदत्ता कशी आहे? जरूर लिहा.

---

जुनापूल

सुंदर लिहिलंय. एक शंका. वासवदत्ता म्हणजे तीच ना, जिच्याकडे उपगुप्त भिक्षू शेवटी येतो? की सुबंधूची?

---

शेफालिका

@जुनापूल, तिघी वेगळ्या. उपगुप्ताच्या कथेतली वासवदत्ता मथुरेची गणिका. सुबंधूच्या 'वासवदत्ता' या गद्यकाव्यातली राजकन्या कंदर्पकेतूची प्रिया. त्या कथेचा उदयनाशी संबंध नाही. मी लिहिलंय ती प्रद्योताची मुलगी, अवंतीची.

---

रेवातीर

लेख आवडला. पालीतली कथा फारशी कुणी सांगत नाही, म्हणून ती मांडतो.

धम्मपदाच्या अट्ठकथेत, म्हणजे त्यावरच्या पाली टीकेत, उदयनाचे नाव उदेन, वासवदत्तेचे वासुलदत्ता आणि प्रद्योत म्हणजे चंडपज्जोत. तिथे लाकडी हत्तीच्या पोटात साठ माणसे दडवलेली आहेत. उदेन पकडला जातो. पज्जोताला त्याच्याकडून हत्ती वश करण्याचा मंत्र हवा असतो. उदेन म्हणतो, मला वंदन कराल तर शिकवीन. कैद्याला वंदन कोण करणार? तेव्हा पज्जोत युक्ती काढतो. मुलीला सांगतो, एक कोडी माणूस मंत्र जाणतो, पडद्याआडून शिकून घे. उदेनाला सांगतो, आमच्याकडे एक कुबडी बाई आहे, तिला पडद्याआडून शिकव. दोघांनी एकमेकांचे तोंडही पाहू नये अशी तजवीज.

मंत्र काही तिच्या जिभेवर बसत नाही. एक दिवस उदेन चिडून ओरडतो, अगं कुबडे, एवढेही म्हणता येत नाही? ती उसळते, कोड्या, माझ्यासारखीला कुबडी म्हणतोस? तो पडदा वर करतो.

मला हा प्रसंग साऱ्या उदयनकथेत सर्वांत खरा वाटतो. इथे वासवदत्ता गप्प बसणारी नाही. तिच्या तोंडचे पहिलेच वाक्य भांडणाचे आहे, आणि प्रेम त्या भांडणातून सुरू होते.

आता आपल्या आगीबद्दल. याच पाली कथेत उदेनाची आणखी एक राणी आहे, सामावती. बुद्धाची उपासिका. तिसरी राणी मागंदिया तिचा द्वेष करते आणि कट करून तिचा महाल पेटवून देते. सामावती आपल्या सगळ्या परिवारासह जळून मरते, खरोखरची. उदयनाच्या एका परंपरेत राणीचा महाल खरा पेटतो आणि दुसऱ्या परंपरेत खोटा. कोणती आग आधीची, यात मला पडायचे नाही. पण 'वासवदत्ता जळाली' ही हूल लोकांना लगेच पटते, तेव्हा कौशांबीच्या राजवाड्यात जळालेल्या बायकांची ही दुसरी गोष्ट माझ्या मनात असतेच.

---

गोदाकाठची

मी पैठणची. तुमचा धागा वाचून राहवलं नाही, कारण ही गोष्ट आमच्या गावाची आहे असं आम्ही लहानपणापासून ऐकत आलो, फक्त कुणी नीट सांगितली नव्हती. मोठेपणी मी 'कथासरित्सागर' वाचलं तेव्हा कळली.

प्रतिष्ठानचा, म्हणजे पैठणचा, सातवाहन राजा राण्यांबरोबर जलक्रीडा करत होता. दमलेली राणी म्हणाली, 'मोदकैः देव परिताडय माम्'. म्हणजे मा उदकैः, पाण्यानं मारू नका. राजानं मोदक मागवले! राणी हसली, व्याकरण येत नाही म्हणून. राजा खोलीत जाऊन पडला, कुणाशी बोलेना. दरबारातला गुणाढ्य म्हणाला, व्याकरणाला बारा वर्षं लागतात, मी सहा वर्षांत शिकवतो. शर्ववर्मा म्हणाला, मी सहा महिन्यांत. गुणाढ्यानं पैज लावली, तसं झालं तर संस्कृत, प्राकृत आणि देशभाषा तिन्ही सोडेन. हरला, आणि सोडल्या.

उरली पैशाची, म्हणजे पिशाचांची मानलेली भाषा. विंध्याच्या रानात त्यानं सात लाख श्लोकांची 'बृहत्कथा' त्या भाषेत लिहिली. शाई नव्हती म्हणून स्वतःच्या रक्तानं. राजाकडे पाठवली तर राजानं नाकारली, भाषा पिशाचांची आणि शाई रक्ताची म्हणून. मग गुणाढ्यानं आग पेटवली आणि एकेक पान वाचून आगीत टाकायला लागला. ऐकायला कोण, तर हरणं, डुकरं, पाखरं. चरायचं सोडून डोळ्यांत पाणी आणून ऐकत बसली. राजाच्या ताटातलं मांस सुकं येऊ लागलं तेव्हा चौकशी झाली आणि राजा धावत आला. तोवर सहा लाख श्लोक जळाले होते. एक लाख उरले, शिष्यांना फार आवडत म्हणून त्यानं राखून ठेवलेले.

ते उरलेले एक लाख म्हणजे नरवाहनदत्ताची कथा. नरवाहनदत्त कोण? वासवदत्तेचा मुलगा.

म्हणजे शेफालिकाताई, सात लाखांतून जे वाचलं ते तिच्या घरचं. हे वाचलं त्या दिवशी मी संध्याकाळी गोदावरीच्या घाटावर जाऊन बसले होते. मूळ पैशाची ग्रंथ आज नाही. काश्मीरच्या सोमदेवानं राणी सूर्यवतीसाठी अकराव्या शतकात 'कथासरित्सागर' रचलं, क्षेमेंद्रानं 'बृहत्कथामंजरी', नेपाळकडे बुधस्वामीचा 'श्लोकसंग्रह' मिळाला, तमिळमध्ये 'पेरुंकदै' आहे. आमच्या गावाशी जोडलेली गोष्ट अशी चहूकडे फिरून आली.

सोमदेवाकडे वासवदत्ता थोडी वेगळी आहे. तिथे यौगंधरायण आधी तिच्या भावाला, गोपालकाला, विश्वासात घेतो आणि मग तिला सगळी मसलत सांगतो. तिला दुःख होतं, तरी ती हो म्हणते. आणि ओळख पटते ती माळेवरूनच! पद्मावतीच्या गळ्यातली न सुकणारी माळ आणि कपाळावरचा टिळा उदयन बघतो. ही कला त्यानं स्वतः वासवदत्तेला शिकवलेली.

---

शेफालिका

गोदाकाठची, तुझा प्रतिसाद लेकीला वाचून दाखवला. माळेवरून ओळख पटणं मला माहीत नव्हतं. भासानं माळ घेतली आणि ओळख काढून टाकली, म्हणजे त्याच्या नाटकात उदयन ती माळ घालतो आणि त्याला काहीच कळत नाही. हे जास्त लागतं.

---

अमात्य

विषय चांगला आहे, पण यौगंधरायणावर अन्याय होतो आहे असे मला वाटते.

वत्सांचा मुलूख आरुणीने घेतला होता. राजा वीणा आणि शिकार यांत रमलेला. त्या मुलखातल्या माणसांचे काय, हे कुणी विचारायचे? हा अमात्य स्वतःही लावाणकच्या आगीत मेला असे जाहीर करतो, राणीचा भाऊ म्हणून दारोदार फिरतो. भासाच्याच 'प्रतिज्ञायौगंधरायणा'त तर राजाला सोडवायला वेड्याचे सोंग घेऊन उज्जयिनीच्या रस्त्यांवर हिंडतो. या माणसाने स्वतःसाठी काय मिळवले?

आणि वासवदत्ता अजाण मुलगी नव्हती. ती राणी होती. पहिल्या अंकात तपोवनात शिपाई 'बाजूला व्हा' म्हणून ओरडतात तेव्हा ती म्हणते, चालण्याच्या श्रमापेक्षा हा अपमान जास्त टोचतो. ती तक्रार करते, पण मागे फिरत नाही. तिने हे स्वीकारले होते. तिच्या निर्णयाला आपण आज निव्वळ बळी म्हणतो तेव्हा तिच्या राणीपणाचा मान राखत नाही, असे मला वाटते.

---

शेफालिका

@अमात्य, तुमचं शेवटचं वाक्य मी दोनदा वाचलं. पटलं. ती राजकारण कळणारी बाई आहे आणि तिनं हे पत्करलं होतं, हे मी पुरेसं लिहिलं नाही.

पण पहिल्या अंकात लावाणकहून आलेला ब्रह्मचारी उदयनाचा शोक सांगतो आणि म्हणतो, नवऱ्याच्या प्रेमामुळे ती 'दग्धाप्यदग्धा', जळूनही न जळलेली. ती समोर बसून ऐकतेय. इकडे ती जिवंत आहे आणि तिकडे तो तिच्यासाठी राखेत लोळतोय. राज्यासाठी हे सहन करायचं तिनं ठरवलं, हे कबूल. मग राज्य मिळाल्यावर 'बाई, तुम्ही फार सोसलंत' एवढं अमात्यानं म्हणायला काय हरकत होती? माझं म्हणणं तेवढंच आहे.

---

मातीचाघोडा

मी पुरातत्त्वाचा विद्यार्थी. दोन गोष्टी जोडतो.

कौशांबी म्हणजे आजच्या प्रयागराजजवळचं यमुनाकाठचं कोसम. तिथे अलाहाबाद विद्यापीठाच्या जी. आर. शर्मांनी १९४९पासून उत्खनन केलं. तटबंदी मिळाली, घोषितारामाचा बौद्ध विहार मिळाला. उदयन बुद्धाच्या काळातला राजा मानतात.

पण मला जास्त आवडतात ते तिथले मातीचे छोटे फलक, शुंगकाळाच्या, म्हणजे दोन हजार वर्षांपूर्वीच्या, सुमाराचे. साच्यातून काढलेले. एका फलकावर हत्तीण धावतेय, पुढे ती दोघं, आणि मागे बसलेला एक जण पिशवी उलटी करून नाणी सांडतोय. खाली पाठलागावरची माणसं नाणी वेचायला वाकलीत. पाली कथेत हे जसंच्या तसं आहे: थैल्या मोकळ्या करत जायचं म्हणजे पाठलाग थांबतो. असा एक फलक वाराणसीच्या भारत कला भवनात आहे.

साच्यातून काढलेला म्हणजे एकाचे अनेक. म्हणजे लोक हे विकत घेऊन घरी ठेवत असणार. हाताएवढ्या मातीत त्या कारागिरानं नेमका तो क्षण निवडला ज्यात दोघं एकत्र आहेत, अजून कुणी कुणाला सोडलेलं नाही.

---

जुनापूल

मघाशी चुकीच्या वासवदत्तेला पकडलं होतं, पण त्यामुळे आज दिवसभर हेच वाचतोय. भासाचं नाटक इतकं जुनं, मग ते विसाव्या शतकात 'सापडलं' असं सगळीकडे का लिहितात?

---

रेवातीर

@जुनापूल, कारण नाव सर्वांना ठाऊक होते, पण ग्रंथ हाती नव्हता. कालिदास 'मालविकाग्निमित्रा'च्या आरंभीच भासाचे नाव आदराने घेतो. राजशेखर या जुन्या संस्कृत कवीच्या नावावर श्लोक आहे की जाणकारांनी भासाची नाटके परीक्षेसाठी आगीत टाकली तेव्हा 'स्वप्नवासवदत्ता'ला अग्नी जाळू शकला नाही. इथेही आगच. मग केरळात टी. गणपतिशास्त्रींना मल्याळम लिपीतल्या ताडपत्रांत ही नाटके मिळाली आणि १९१२पासून त्रिवेंद्रमहून छापून आली. ही सगळी तेरा नाटके भासाचीच का, यावर पंडितांत पुष्कळ वाद झाला.

---

निळाहत्ती

हर्षाबद्दल कुणीच लिहिलं नाही, म्हणून लिहिते. सातव्या शतकातला सम्राट हर्ष. त्याच्या नावावरच्या 'रत्नावली' आणि 'प्रियदर्शिका' या दोन्ही नाटिका उदयनाच्याच, पण दोन्हींत प्रेम भलत्याच मुलीवर. 'रत्नावली'त सिंहलची राजकन्या. तिथेही यौगंधरायणानं लावाणकची तीच हूल वापरलीय. वासवदत्ता आता पट्टराणी, रागावणारी, मुलींना कोंडून ठेवणारी.

'प्रियदर्शिका'तला तिसरा अंक मात्र कुणीतरी रंगमंचावर करावा असं मला फार वाटतं. राणीच्या करमणुकीसाठी अंतःपुरात नाटक बसवलंय, उदयन-वासवदत्तेच्याच जुन्या प्रेमाचं. वीणेची शिकवणी वगैरे. वासवदत्तेची भूमिका करतेय आरण्यका, जिच्यावर राजाचा जीव जडलाय. उदयनाची भूमिका मनोरमा करणार असते, पण ऐन वेळी तिच्या जागी खुद्द राजाच उभा राहतो. आणि प्रेक्षकांत बसून बघतेय खरी वासवदत्ता. स्वतःच्या तारुण्याची गोष्ट, स्वतःचा नवरा, आणि स्वतःच्या जागी दुसरी मुलगी.

हर्षानं हे गंमत म्हणून लिहिलं असेल. त्या काळच्या प्रेक्षकांना हसूही आलं असेल. मला नाही आलं.

---

उंबरठा

मी या साइटवर फक्त वाचते, पहिल्यांदाच लिहितेय.

'स्वप्नवासवदत्ता'चा शेवटचा अंक कुणी नीट सांगितला नाही. उज्जयिनीहून वासवदत्तेची दाई येते, तिच्या आईचा, अंगारवतीचा निरोप घेऊन. आई म्हणते, तुम्हाला उज्जयिनीला आणलं ते जावई करायचं म्हणूनच. वीणेच्या निमित्तानं, अग्नीच्या साक्षीशिवाय, मुलगी तुम्हाला दिलेलीच होती. तुम्हाला दम निघाला नाही. मंगलकार्य व्हायच्या आधीच निघून गेलात. मग आम्ही तुम्हा दोघांच्या तसबिरी फळीवर काढल्या आणि त्यांचं लग्न लावलं. ती तसबीर पाठवतेय, बघा आणि मनाला धीर द्या.

तसबिरींचं लग्न लावलं! आणि ही तसबीर बघूनच पद्मावती म्हणते, अशी बाई तर माझ्याकडेच आहे.

मी एकोणीस वर्षांपूर्वी घरात न सांगता रजिस्टर लग्न केलं. वडील बोलायचे बंद झाले. आई सहा वर्षांनी पहिल्यांदा भेटली, बसस्टँडवर, मावशीच्या ओळखीनं. तिच्या पर्समध्ये माझा बारावीचा फोटो होता, आणि ह्यांचा एक, कुठून मिळवला देव जाणे, कंपनीच्या ओळखपत्रावरचा असावा. दोन्ही एकाला एक चिकटवलेले, मागे हळदीकुंकवाची बोटं. म्हणाली, तुळशीच्या लग्नादिवशी लावलं तुमचंही.

मला तेव्हा अंगारवती माहीत नव्हती. आईला तर आजही नाही.

'प्रतिज्ञा' नाटकात तिच्या वडिलांच्या तोंडी एक श्लोक आहे, तो मी वहीत लिहून ठेवलाय:

अदत्तेत्यागता लज्जा दत्तेति व्यथितं मनः ।
धर्मस्नेहान्तरे न्यस्ता दुःखिताः खलु मातरः ॥

मुलगी द्यायची राहिली तर लाज, दिली तर जिवाला घोर. धर्म आणि माया यांच्या मधोमध ठेवलेल्या आया, दुःखीच त्या. अंगारवतीचा नवरा हे बोलतो. माझ्या वडिलांनी हे कधी वाचलं असतं तर, असं वाटतं.

---

शेफालिका

उंबरठा, लिहिलंत हे फार बरं केलंत. तुमच्या आईंना माझा नमस्कार सांगा.

सहावा अंक आम्ही काल रात्री संपवला. दाई तसबीर पुढे करते तिथे लेकीनं पुस्तक माझ्याकडे दिलं, तू वाच म्हणाली. नर्मदेच्या काठी गवतात अडकलेली घोषवती वीणा कुणाला तरी सापडते आणि राजाच्या हाती येते, तेही याच अंकात आहे. पाखरांनी घाण केलेली, धूळ बसलेली. पळून जाताना ती वीणा हत्तिणीवर त्यांच्याबरोबर होती. मातीचाघोडा, त्या फलकावर वीणा दिसते का हो? तुमच्याकडे फोटो असेल तर इथे टाका.